मदत हवी आहे: बाल्डविन इफेक्टच्या सिम्युलेशनमध्ये प्रश्नचिन्हं जातच नाहीत

नमस्कार मंडळी. बाल्डविन इफेक्ट म्हणजे जीवांची शिकण्याची क्षमता उत्क्रांतीला दिशा देते ही कल्पना. ती दाखवणारा हिंटन आणि नोलन या संशोधकांचा १९८७चा प्रसिद्ध संगणकीय प्रयोग पायथनमध्ये करून बघतोय. १००० जीव, प्रत्येकाला २० जीन्स. जीन बरोबर, चूक किंवा '?' असू शकतो. '?' म्हणजे ती जागा जन्मानंतर शिकून भरायची, त्यासाठी १००० प्रयत्न. वीसच्या वीस जुळले तरच फायदा, आणि जितकं लवकर जुळेल तितकी संतती जास्त. शिकलेलं मात्र पिल्लांना मिळत नाही, म्हणजे हा लामार्क (आयुष्यात कमावलेले गुण संततीत उतरतात, असं मानणारा) नव्हे. (घरी हे समजावताना माझी पार दमछाक झाली.)

शिकणं बंद ठेवलं तर काहीच घडत नाही. साहजिक आहे, दहा लाखांहून जास्त जुळण्यांत एकच बरोबर. शिकणं चालू केलं की थोड्याच पिढ्यांत चुकीचे जीन्स जवळपास नाहीसे होतात. इथवर झकास. पण '?' काही केल्या संपत नाहीत!

माझा अंदाज: पाच '?' उरले की ३२ जुळण्याच तपासायच्या. ते चटकन जमतं, फिटनेस (संततीची शक्यता ठरवणारा गुणांक) २०पैकी साधारण १९.४ येतो. मग नैसर्गिक निवडीला उरलेले '?' काढायची घाई कशाला? की म्युटेशन (जीनमधला आपोआप होणारा बदल) घातलं नाही म्हणून काही जागी बरोबर जीन योगायोगानेच कायमचा गेला? दोन्हींतलं काय, हे कसं तपासू? आणि शिकण्याची थोडी किंमत लावायची तर फिटनेसच्या सूत्रात नेमकी कुठे?

जीवशास्त्रवाल्यांना एक जादा प्रश्न: प्रत्यक्ष प्राण्यांतलं याचं ठोस उदाहरण कोणतं मानता?