कंत्राटाचा ‘अवॉर्ड’: निवाडा, प्रदान की नुसतं ‘काम देणं’?

कागदकाम: एका कंत्राटदाराच्या रिट याचिकेचा (सरकारी निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयात केलेल्या अर्जाचा) मराठी गोषवारा करतोय. नगरपालिकेच्या रस्त्याचं टेंडर होतं. तांत्रिक लिफाफ्यातच, म्हणजे दर उघडण्याआधी पात्रतेची कागदपत्रं तपासतानाच, यांना अपात्र ठरवलं, काम दुसऱ्याला गेलं. त्या अवॉर्डला आव्हान आहे. मी लिहिलं, ‘कंत्राटाच्या निवाड्यास आव्हान’. पक्षकार कागलकडचे. रात्री फोन आला, “निवाडा झाला? मग आपण हरलो की!” त्यांची जमीन पूर्वी भूसंपादनात गेलेली, तिथं भरपाईच्या आदेशाला निवाडा म्हणतात, त्यामुळं अवॉर्ड म्हणजे निवाडा हे त्यांच्या डोक्यात पक्कं. ‘प्रदान’ लिहावं तर पदवीदान वाटतं. काय लिहू?

गंगावेस: आमच्यात ‘काम लागलं’ म्हंत्यात. “त्याला गटारीचं काम लागलं, बारा टक्के बिलो भरलं हुतं.” म्हणजे अंदाजपत्रकापेक्षा कमी. आजोबा ‘मक्ता’ म्हणायचे. बाजाराचा मक्ता, कोंडवाड्याचा मक्ता. मक्ता घेतला की गावात वट असायची.

जुना वकील: आधी आव्हान नेमकं कशाला आहे ते बघा. स्वीकृतीपत्र (निविदा मान्य), करारनामा आणि कार्यारंभ आदेश (काम सुरू करा) या तीन वेगळ्या पायऱ्या आहेत. कार्यारंभ आदेश निघून रोलर रस्त्यावर आला की याचिका जड जाते. शिवाय सर्वोच्च न्यायालयातल्या टाटा सेल्युलर खटल्यापासून, म्हणजे 1994 पासून, न्यायालय निर्णयापेक्षा तो घेण्याची प्रक्रिया तपासतं. डिसेंबर 2006 च्या जगदीश मंडल निकालात दोन प्रश्न ठरले: प्रक्रिया मनमानी किंवा दुष्ट हेतूची होती का, आणि सार्वजनिक हिताला धक्का बसतो का. म्हणून ‘काम देण्याचा निर्णय’ लिहा. तो कसा घेतला, यावरच याचिकेचा रोख असतो.

शब्दवेडा: टेंडर, अवॉर्ड, मक्ता हे सगळं कशासाठी? निविदा किती नेमका शब्द आहे! नि + विद्, निवेदनाचं सख्खं भावंड. शिवाजी महाराजांनी राज्यव्यवहारकोश करवून घेतला तो परके शब्द काढण्यासाठीच.

गंगावेस: मग प्रत्येक निविदा सूचनेतली ‘बयाणा रक्कम’ (निविदेसोबत भरायची अनामत) आधी काढा, ती पण अरबी-फारसीच. आपला शब्द ‘विसार’. वडगावच्या जनावरांच्या बाजारात विसार दिला की बैल ठरला. कार्यालयात तो का चालत नाही?

शब्दवेडा: विसार मान्य, मनापासून. पण मग कंत्राटही सोडा, ते इंग्रजीच.

तिसरी गल्ली: कंत्राट पोर्तुगीज ‘कोन्त्रातो’वरून आलंय असं मी मानते. त्या शेवटच्या ‘ट’मुळं इंग्रजी वाटतं, पण गोव्याकडून आलेले किती शब्द आपण घरात वापरतो: पगार, चावी, बटाटा. आणि कागदकाम, तुम्ही ‘आव्हान’ बरोबर लिहिलंत, त्याबद्दल आभार. वर्तमानपत्रात रोज ‘निविदेला आवाहन’ वाचून जीव जातो. बोलावणं ते आवाहन, ललकार ते आव्हान.

जुना वकील: तरी मूळ संस्कृत ‘आह्वान’चा अर्थही बोलावणं असाच.

तिसरी गल्ली: मूळ काहीही असो. खासबागेत शड्डू ठोकतो तो पैलवान आवाहन करत नाही!

कागदकाम: ‘काम देण्याचा निर्णय’ पटतंय. पण शीर्षकात ‘अवॉर्ड’ एका शब्दात हवा. आणि याचिका मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापुरातल्या सर्किट बेंचसमोर आहे; ‘कोल्हापूर सर्किट बेंचच्या खंडपीठासमोर’ असं लिहिलं तर चालेल?

शब्दवेडा: सर्किट बेंच नको! ‘फिरते खंडपीठ’ म्हणा.

जुना वकील: फिरते कसले? 18 ऑगस्ट 2025 पासून सीपीआर रुग्णालयासमोर बसतंय, सहा जिल्ह्यांसाठी. आणि खंडपीठ म्हणजे दोन न्यायमूर्तींचं पीठही. एका वाक्यात दोन्ही अर्थ आले तर पक्षकाराचा पुन्हा फोन येईल.

गंगावेस: आमच्या आंदोलनात वर्षानुवर्षं पाटीवर ‘खंडपीठ झालंच पाहिजे’ लिहिलं. ‘सर्किट बेंच’ म्हटलं की अजून अर्धंच मिळाल्यागत वाटतं. मी खंडपीठच म्हणणार.

जुना वकील: तुमची भावना खरी आहे, पण अधिकृत नाव ‘सर्किट बेंच’ आहे. याचिकेत तेच लिहावं लागतं.

तिसरी गल्ली: ‘पीठ’ हा शब्द न्यायासनासाठी कधीपासून आला, कुणी सांगेल का?