सायटिका: पायातली कळ आणि विस्कटलेलं रोजचं जगणं

सायटिका झालेल्याला एक वाक्य हमखास ऐकावं लागतं: "दिसायला तर ठणठणीत आहेस!" ना प्लास्टर, ना ताप, ना सूज. म्हणून हा धागा काढते आहे. कोणतं तेल चोळलं यापेक्षा या दुखण्याने तुमचं काम, झोप, घर यांचं काय झालं, ते लिहा.

सुरुवात माझ्यापासून. कळ उजव्या कुल्ल्यातून निघून पोटरीवरून थेट करंगळीपर्यंत जायची. शिंक येतेय असं वाटलं की आधी भिंत धरायची. बसणं सगळ्यात वाईट. बँकेतली नोकरी, म्हणजे दिवसभर खुर्ची. जेवण ओट्याशी उभ्याने. डॉक्टरांनी चवड्यांवर चालायला सांगितलं, तर डावी टाच उचलली गेली आणि उजवी जमिनीला चिकटून राहिली. ते पाहून मी घाबरले. त्यांनी शांतपणे समजावलं: कमरेच्या शेवटच्या मणक्याखालची गादी सरकून नसेचं मूळ दाबलं गेलंय, सुजलंय. बिघाड कमरेत आणि कळ पायात, ती त्यामुळे. बहुतेकांना दीड ते तीन महिन्यांत ऑपरेशनशिवाय आराम पडतो, असंही म्हणाले. मला जरा जास्त लागले, पण टाच उचलली जाते आता.

घाटवाट
माझा टेम्पो आहे. नारायणगावहून टोमॅटो भरून रात्री वाशी मार्केटला. दुखणं डाव्या पायात, आणि क्लचही डाव्याच पायाने दाबायचा. माळशेज घाटात गाड्या तुंबल्या की दर वेळी क्लच दाबताना मांडीत वीज चमकायची. गोळ्या घेतल्या की झोप येते, म्हणून गाडीवर गोळी घ्यायची नाही, म्हणजे ठणका सोसायचा. शेवटी बदली ड्रायव्हर ठेवला. त्याचा पगार गेला की हप्त्यापुरतंही उरत नव्हतं. दुखण्यापेक्षा त्या हिशेबानेच झोप उडाली. आता परत चालवतोय, पण क्रेट उचलायला हमाल लावतो आणि वाटेत थांबून चार पावलं चालतो.

रातांबा
आमच्याकडे रत्नागिरीत लावणीच्या दिवसांत आईची कंबर धरली. चिखलात वाकून दिवसभर भात लावायचं, कोण थांबणार? शेजारच्या पायाळू माणसाला बोलावून त्याचा पाय कमरेला लावून घेतला. उसण भरली की आमच्याकडे हेच करतात. त्यात श्रद्धा आहे, मी त्याला नावं ठेवत नाही. पण अंगठा वर उचलेना, चालताना पाऊल घासायला लागलं, तेव्हा मी तिला गाडीत घालून तालुक्याला नेलं. पायाची ताकद जात असेल तर थांबू नका, एवढंच सांगायचंय.

अबोली
वरच्याला धरून, आणि हे कृपया सगळ्यांनी वाचा. माझ्या भावाची कळ एका पायातून दोन्ही पायांत गेली. दुसऱ्या दिवशी म्हणाला, "संडासला बसतो ती जागा बधिर झालीय, लघवी लागते पण होत नाही." हे सांगायला त्याला लाज वाटत होती. वहिनीने जोर केला म्हणून बोलला. त्याच रात्री ऑपरेशन झालं. मणक्याच्या तळाशी नसांचा जो झुपका असतो तोच दाबला गेला होता. अशा वेळी तासांना किंमत असते, उशीर झाला तर लघवी-संडासवरचा ताबा कायमचा जाऊ शकतो. भाऊ आज नीट आहे. घरातल्या माणसांनी हे प्रश्न स्वतःहून विचारावेत, पेशंट बोलत नाही.

निवांत७०
माझं वय सत्तरच्या पुढे. माझी तऱ्हा उलटी: बसलो की बरं, चाललो की पाय भरून येतात. कोपऱ्यावरच्या मारुतीपर्यंत जाताना दोनदा टेकावं लागतं. कठड्यावर पुढे वाकलो की मोकळं वाटतं. मणक्यातली नळी वयोमानाने अरुंद झालीय म्हणे.

उंबरठा
फिजिओथेरपिस्ट आहे. पूर्वी सक्त बेडरेस्ट सांगायचे, आता तसं सांगत नाहीत. फार दुखलं तर एक-दोन दिवस पडा, मग झेपेल तेवढं हिंडाफिरा. आणि व्हिडिओ बघून सगळ्यांनी एकच व्यायाम करू नका. वरच्या आजोबांना पुढे वाकून बरं वाटतं, गादी सरकलेल्या बऱ्याच जणांना त्यानेच कळ वाढते.

नवखी_पुणे
माझ्या एमआरआयमध्ये दोन ठिकाणी 'बल्ज' आलाय, म्हणजे मणक्यातली गादी फुगून जराशी बाहेर आलीय. सासूबाई म्हणतात गॅप पडली, आता हंडा-कळशी कायमची बंद. खरंच का?

@नवखी_पुणे, धागा काढणारी मीच उत्तर देते: नाही गं. काहीच दुखत नसलेल्या कितीतरी माणसांच्या एमआरआयमध्येही बल्ज दिसतो. रिपोर्ट एकटा वाचायचा नसतो, तुझी कळ कुठून कुठे जाते आणि पायात ताकद किती आहे, त्याच्याशी तो जुळतोय का हे डॉक्टरांना विचार. सासूबाईंनाही सोबत घेऊन जा. मी माझ्या नवऱ्याला नेलं होतं. त्यानंतर पाण्याचे कॅन तोच भरायला लागला.