मदत हवी आहे: निकोलेत्ता एल्मीचा खरा आवाज कुठे ऐकायला मिळेल?

नमस्कार मंडळी. सत्तरच्या दशकातले इटालियन भयपट पाहणारं कुणी इथे आहे का? निकोलेत्ता एल्मी या बालकलाकाराच्या भूमिकांवर मी सविस्तर लिहितो आहे. लालसर केस, रोखून बघणारे डोळे. आल्दो लादोच्या १९७२च्या व्हेनिसमधल्या रहस्यपटात ती खून होणारी मुलगी आहे. दारिओ आर्जेंतोच्या ‘प्रोफोंदो रोस्सो’त (१९७५) तर ती सरड्याला छळणारी पोर! दोन-तीनच प्रसंग, पण त्या वयात इतकी थंड नजर मी दुसऱ्या कुणाची पाहिलेली नाही. पुढे १९८५च्या ‘देमोनी’त ती थिएटरमधली कर्मचारी झाली, आणि नंतर अभिनय सोडून वैद्यकीय क्षेत्राकडे वळली.

अडचण आवाजाची आहे. त्या काळी इटलीत संवाद बहुधा चित्रीकरणानंतर स्टुडिओत भरत, आणि तेही अनेकदा दुसऱ्याच कुणाच्या आवाजात. मग लहानपणीच्या भूमिकांत ऐकू येतो तो आवाज तिचाच का? इटालियन जाणणाऱ्या कुणी मूळ श्रेयनामावली वाचून सांगाल का? तिची एखादी मुलाखत पाहिली असेल तर तीही कळवा. इंग्रजी डबिंग नको, मूळ इटालियन प्रतच हवी आहे. सबटायटल्ससह कुठे मिळेल?