दुसऱ्याच्या खापरपणजोबासाठी आपण का रडायचं?

खडूस_कोथरूडकर:
काल इथे एका ताईंनी 'फाइंडिंग युवर रूट्स' या, नामवंतांचे पूर्वज शोधून दाखवणाऱ्या अमेरिकन कार्यक्रमावर लांबलचक पोस्ट टाकली. म्हणे टीव्हीवर इतका प्रामाणिक इतिहास दुसरा नाही, शाळाशाळांत दाखवा, आणि आपल्या चॅनेलवाल्यांनी मराठी नटनट्यांना घेऊन असलाच कार्यक्रम ताबडतोब काढा. खाली बदामांचा सडा. डोक्यात गेलं म्हणून लिहितोय.

प्रामाणिक?? बेन अ‍ॅफ्लेक विसरलात वाटतं, तो हॉलिवूडचा नट. २०१४ मध्ये त्याचा भाग झाला, दाखवलं काय तर अमेरिकेच्या क्रांतियुद्धात लढलेला पूर्वज, नागरी हक्क चळवळीतली आई वगैरे. आणि गाळलं काय तर जॉर्जियातला बेंजामिन कोल, ज्याच्या मालकीचे गुलाम होते. का गाळलं, तर साहेबांना लाज वाटली. हे तरी कळलं कसं, तर सोनीचे ईमेल हॅक झाले, २०१५ ला विकिलीक्सने ते सगळे टाकले आणि त्यात हा कार्यक्रम चालवणारा हार्वर्डचा प्राध्यापक गेट्स सोनीच्या बड्या माणसाला विचारतोय की पाहुणा म्हणतो काढून टाका, काय करू. कार्यक्रम दाखवणाऱ्या पीबीएस वाहिनीने चौकशी केली, नियम मोडले असा निष्कर्ष काढला, तिसरा सीझन लांबवला. ईमेल फुटले नसते तर आजही बदामच.

आणि मुळात नटाच्या खापरपणजोबाशी माझा काय संबंध हो? समोर जाडजूड वही ठेवायची, पान उलटा म्हणायचं, कॅमेरा डोळ्यांत घुसवायचा, पाणी आलं की संगीत. २०१२ पासून तेच चाललंय. मराठीत काढला तर काय होणार ते आत्ताच सांगतो, प्रत्येकाचा पूर्वज पानिपतावर पडलेला निघेल, पळून आलेला एकही निघणार नाही.

एडिसनची_आत्या:
खडूसभाऊ, त्या प्रकरणानंतर पीबीएसने जास्तीचा तथ्य-तपासनीस आणि बाहेरचा स्वतंत्र वंशावळतज्ज्ञ नेमायला लावला आणि मगच जानेवारी २०१६ ला पुढचा सीझन आला. हे तुम्ही सोयीने गाळलंत. म्हणजे तुम्हीही अ‍ॅफ्लेकच.

माझी सून काळी अमेरिकन आहे, विहीण साउथ कॅरोलिनाची. त्यांच्या घरात हा कार्यक्रम का बघतात ते मी जवळून बघितलंय म्हणून बोलते. १८५० आणि १८६० च्या शिरगणतीत गुलामांची वेगळी यादी असायची, वर मालकाचं नाव आणि खाली नुसतं वय, लिंग, रंग. नाव नाहीच. सगळ्यांची नावानिशी नोंद झाली ती १८७० ला. त्याच्या मागे जायचं तर मालकाचं मृत्युपत्र, मालकाच्या मालमत्तेची यादी, असलेच कागद चाळायचे. विहिणीने हे त्या कार्यक्रमात बघितलं आणि स्वतः शोधायला लागली. शेवटी एक यादी मिळाली, मालक मेल्यावर केलेली. एका बाईचं नाव, पुढे वय, पुढे डॉलर. खालच्या ओळीत खेचर आणि त्याचे डॉलर. विहीण रडली बिडली नाही. तिने त्या आकड्यावर बोट ठेवलं आणि म्हणाली, खेचर महाग होतं.

आणि गोडगोडच दाखवतात म्हणणाऱ्यांनी अँजेला डेव्हिसचा भाग बघा, २०२३ चा. काळ्यांच्या हक्कांसाठी लढणारी कार्यकर्ती, आयुष्यभर ज्या गोऱ्यांच्या व्यवस्थेशी भांडली, तिला समोर बसवून सांगितलं की तुमचा एक पूर्वज इंग्लंडहून अमेरिकेत वसायला आलेल्या गोऱ्यांच्या १६२० च्या मेफ्लॉवर जहाजातून आलेला विल्यम ब्रूस्टर आहे. तिचा चेहरा बघा आणि मग या.

खडूस_कोथरूडकर:
आत्या, तुमच्या विहिणीबद्दल पूर्ण आदर. पण तिला शोधून द्यायला गेट्स आला होता का? नाही ना. ती स्वतःच्या रात्री घालवून शोधत बसली, नटाला मात्र आयती वही. हाच माझा मुद्दा आहे.

एडिसनची_आत्या:
१८७० च्या मागे जाता येतं हेच तिला त्या कार्यक्रमाने सांगितलं. पण तुम्ही ठरवूनच आलाय.

गणिती_बोका:
डॅनी डायर. बीबीसीचा असलाच कार्यक्रम, 'हू डू यू थिंक यू आर', २०१६. ईस्टएन्डर्स मालिकेत पबवाला झालेला नट, निघाला थेट इंग्लंडच्या तिसऱ्या एडवर्ड राजाचा वंशज, सगळे येडे झाले. मग अ‍ॅडम रदरफर्ड या जनुकशास्त्रज्ञाने हिशोब मांडला की ब्रिटिश वंशाचा जवळजवळ प्रत्येक जणच एडवर्डचा वंशज आहे. साधं आहे, वीस पिढ्या मागे गेलात की झाडावर दहा लाखांहून जास्त जागा होतात, त्यात एखादा राजा नसेल तर नवल. डायरकडे कागद होता, शेजारच्या प्लंबरकडे नव्हता, बास.

डीएनएचं तर सोडाच. दहा पिढ्या मागच्या १०२४ पूर्वजांपैकी कित्येकांचा एक तुकडासुद्धा तुमच्यात उरलेला नसतो. आणि आपल्याकडे शतकानुशतकं जातीतच लग्नं, त्यामुळे माझ्या अमेरिकेतल्या भावाने थुंकी पाठवायचं डीएनए किट लावलं तर भावंडांची ही मोठी यादी आली, एकही ओळखीचा नाही, सगळे लांबचे पण सगळे जवळचे दाखवतंय. वर २०२३ ला त्या ट्वेंटीथ्री-अँड-मी या किटवाल्या कंपनीचा लाखो लोकांचा डेटा फुटला आणि २०२५ ला कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज टाकला. थुंकून बसले सगळे.

लेकीचं_पान:
डीएनए ठेवा बाजूला. आपल्याकडे कुलवृत्तांत आहेत की. आमच्या घराण्याचा आहे, छापील, कापडी बांधणीचा, काकांनी देव्हाऱ्याखाली ठेवलाय. त्यात माझ्या सख्ख्या पणजीबद्दल काय आहे सांगू? "प्रथम पत्नी, बाळंतपणात मृत्यू." संपलं. नाव सुद्धा नाही. पणजोबांचं शिक्षण, नोकरी, बदल्या, बांधलेली विहीर, सगळं आहे. मी आहे त्यात, वडिलांच्या खाली एका ओळीत, कंसात नवऱ्याचं आडनाव, आणि तिथे रेघ खलास. भावाचा मुलगा तेव्हा रांगत होता, त्याला स्वतंत्र क्रमांक.

खडूस_कोथरूडकर:
ताई, तुमच्या मुलांचं नाव नवऱ्याकडच्या कुलवृत्तांतात असेल की.

लेकीचं_पान:
नवऱ्याच्या जातीत कुलवृत्तांत छापत नाहीत. झालं समाधान?

मोडीवाला_नाना:
हार्वर्ड काय, कुलवृत्तांत काय. महाराष्ट्रात आज पूर्वज कोण शोधतंय ते तरी बघा. जातीच्या दाखल्यासाठी रांगेत उभी असलेली माणसं. २०२३ ला मराठ्यांच्या जुन्या कुणबी नोंदी शोधायला न्या. संदीप शिंदे समिती नेमली तेव्हापासून कुणबी नोंदींपायी मोडी वाचणाऱ्याला जो भाव आलाय तो मी उभ्या आयुष्यात बघितला नव्हता. आधी मला लोक छंदिष्ट म्हातारा म्हणायचे.

आता हे काम कसं असतं ते ऐका. गाव नमुना १४, म्हणजे कोतवाल बुक, गावातल्या जन्ममृत्यूच्या नोंदी. मोडीत वर सलग रेघ ओढलेली, शब्द तोडलेले नाहीत, ऱ्हस्व-दीर्घाचा पत्ता नाही, कागदाला कसर लागलेली आणि कोतवालाने जात लिहिलीये "कु". एवढंच. त्यात जन्माच्या नोंदीत बाळाचं नाव बहुतेक वेळा नसतंच, बारशाच्या आधीच नोंद झालेली. बापाचं नाव, जात, "मुलगा". आता तो मुलगा म्हणजे तुमचे आजोबा की त्यांचा लहानपणी गेलेला भाऊ, हे सिद्ध करा. कुठला गेट्स येत नाही.

परभणी_एक्सप्रेस:
नाना सिद्ध करा म्हणणं सोपंय. आमचा पणजोबा एकच, वाडा एकच, मधून भिंत घातली एवढंच. चुलत्याच्या फाईलीत नोंद सापडली, त्याच्या पोराला दाखला भेटला. मला म्हणले वंशावळ जोडा, जोडली. प्रतिज्ञापत्र जोडा, जोडलं. शाळेचा प्रवेश निर्गम उतारा आणा, आणला. मग एका कार्यालयातला बाबू म्हणतो इथं पणजोबा "सखा" आहे अन् तिथं "सखाराम", हा माणूस एकच कशावरून? मी म्हणलं साहेब त्याच्या मायला विचारा. फाईल परत. २ सप्टेंबर २०२५ चा हैदराबाद गॅझेटचा जीआर निघाला, लोकांनी गुलाल उधळला, माझी फाईल हाय तिथंच. अन् तुम्ही इथं डॅनी डायर डॅनी डायर करून राहिले.

गणिती_बोका:
म्हणजे कालपर्यंत जो शहाण्णव कुळी सांगत होता तोच आता कुणबी आजोबा शोधतोय. पानिपतच्या उलटा प्रवास 😄

परभणी_एक्सप्रेस:
ए बोक्या. दोन एकर कोरडवाहू, बापाच्या डोक्यावर सोसायटीचं कर्ज, बहिणीचं अ‍ॅडमिशन थोडक्यात हुकलं. शहाण्णव कुळी घेऊन काय चाटायचंय का? तुला एसीत बसून हसू येतंय.

गणिती_बोका:
मग हेच ओबीसींना पण विचार, त्यांच्या ताटातलं जातंय.

परभणी_एक्सप्रेस:
तू ओबीसी हायेस का? नाहीस ना? मग त्यांचा वकील कोणी केला तुला?

खडूस_कोथरूडकर:
अहो धागा कशाचा आहे, चाललंय काय. आरक्षणाचं भांडण दुसरीकडे करा.

विमुक्त_सोलापूर:
खडूसकाका, धागा पूर्वजांचा आहे ना, मग चालू द्या. मी पण सांगतो.

माझे आजोबा तारेच्या आत जन्मले. सोलापूरची सेटलमेंट, इंग्रजांनी आमच्यासारख्यांना डांबायला केलेली. १८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा इथल्या कितीजणांनी ऐकलाय माहीत नाही, आमच्या जातीत जन्मलं की झाला गुन्हेगार, हजेरी द्यायची, पास घेतल्याशिवाय बाहेर पडायचं नाही. देश ४७ ला सुटला, आम्ही ३१ ऑगस्ट १९५२ ला. आता जात पडताळणीला आमच्यासारख्यांना १९६१ च्या आधीचा पुरावा मागतात. आज्याची शाळा नाही, जमीन नाही, सातबारा नाही, कोतवाल बुकात नाही कारण गावच नाही. लय हिंडल्यावर नाव सापडलं ते हजेरीच्या रजिस्टरात. नाव, बापाचं नाव, जात, डाव्या भुवईवर व्रण, आणि अंगठ्याचा ठसा. आज्याचा फोटो आमच्याकडे नाही. तो दिसायला कसा होता हे पोलिसांनी लिहिलं म्हणून आम्हाला कळलं. वडलांनी भुवई वाचली आणि म्हणले, हो, व्रण होता, कुत्रं चावलं होतं लहानपणी. ज्या कागदाने त्याला चोर ठरवलं त्याच कागदावर मला दाखला मिळाला.

तेव्हा कोणाकडे कुलवृत्तांत आहे, त्यात पणजीचं नाव नाही, वाईट आहेच ताई. पण पणजोबाची विहीर तर आहे.

लेकीचं_पान:
यावर मी काय बोलू. पण एक सांगा दादा, त्या रजिस्टरात आजीचं नाव होतं?

विमुक्त_सोलापूर:
होतं. बायकांची पण हजेरी घ्यायचे.

एडिसनची_आत्या:
दादा, हे मी विहिणीला वाचून दाखवणार आहे, चालेल ना? आणि खडूसभाऊ, आता बोला. असली गोष्ट पडद्यावर आली तर तुमच्या पोटात का दुखावं?

खडूस_कोथरूडकर:
बरं. विमुक्तदादांच्या आजोबांवर भाग काढा, मी जागा राहून बघीन. पण काढणार कोण? चॅनेलवाला विचारेल, हे सिरीयलमध्ये कुठे होते? मग त्यांच्या जागी एखादी नायिका येणार, पैठणी नेसून, पणजोबांच्या वाड्यात, ड्रोन शॉट. अ‍ॅफ्लेकच्या मुद्द्याला अजून कोणी हात लावलेला नाही हेही नोंदवतो.

एडिसनची_आत्या:
पहिल्याच प्रतिसादात लावला होता. वाचत चला.

गणिती_बोका:
खडूसकाका हळूहळू बदाम देण्याच्या वाटेवर आहेत असं दिसतंय.

खडूस_कोथरूडकर:
मी असं काहीही म्हटलेलं नाही.

परभणी_एक्सप्रेस:
नाना हे सगळं राहू द्या. पणजोबाच्या नोंदीच्या पानाचा फोटो धाडला तर वाचून द्यायचे किती घ्याल?

मोडीवाला_नाना:
तुझ्याकडून काही नको, पाठव. झेरॉक्सचा फोटो नको, मूळ पानाचा काढ, फ्लॅश बंद, पान सपाट धर. मागचं पुढचं पानही लागेल, एकाच हाताचं अक्षर आहे का ते बघावं लागतं. आणि आधीच सांगतो, "कु" दिसलं म्हणजे कुणबीच असं नाही. मी एका गावच्या बुकात "कु" लावता लावता कुंभार निघालेला बघितलाय.

परभणी_एक्सप्रेस:
नाना तुम्ही नेमके कोणाच्या बाजूनं हाय?

गणिती_बोका:
कुंभार निघाला तरी ओबीसीच रे, टेन्शन घेऊ नको.

परभणी_एक्सप्रेस:
बोक्या, नंबर दे तुझा.