चर्चा: बालनाट्यातल्या राक्षसाला गाण्याची स्वतःची चाल हवी की नको?

तलावपाळीकर:
रविवारी भाचीला घेऊन गडकरी रंगायतनला एक संगीत बालनाट्य पाहिलं. राजकन्या, राक्षस, बोलका बेडूक, सगळा गमतीचा मामला. पहिल्या अंकात राक्षस "भूक भूक" करत पाय आपटत येतो, खाली ढोलकीवर केरव्याचा उडता ठेका. पोरं खिदळली. मग रात्रीच्या प्रवेशात तो एकटाच बसतो आणि तीच ओळ दादऱ्याच्या झुलत्या लयीत, हळू गुणगुणतो. साथीला फक्त पेटी. भाची कानात म्हणाली, "मामा, त्याला कुणी जेवायला देत नाही?" संवादात हे कुठंच नव्हतं. चालीनं सांगितलं.

दुसऱ्या अंकात मात्र राजा, राक्षस, बेडूक सगळे तयार ट्रॅकच्या एकाच धांगडधिंग्यावर नाचले. राक्षस तिथंच हरवला. परीकथेतली माणसं मुळात एकरंगी असतात. त्यांना दुसरी बाजू देणं हे संगीताचं काम, असं माझं ठाम मत आहे.

वाशीची प्रेक्षक:
नाही पटलं. पात्र नट उभं करतो. 'अलबत्या गलबत्या'तली चेटकीण आठवा. आधी दिलीप प्रभावळकर, 2018 मध्ये वैभव मांगले. लक्षात राहतो तो आवाजाचा हेल, ते चालणं. आमच्या भावे नाट्यगृहात सुट्टीच्या प्रयोगाला संथ गाणं लागलं की पोरं पाण्याची बाटली मागतात. त्या नाचाला तुमची भाची नाचली की नाही, खरं सांगा.

तलावपाळीकर:
नाचली. पण घरी येताना गुणगुणली ती रात्रीचीच ओळ. आणि हेल म्हणजे सूरच की! अमेरिकी संगीतकार सॉन्डहाइमच्या 'इन्टू द वुड्स' या संगीत नाटकातली (ब्रॉडवे, 1987) चेटकीण बागेतली भाजी चोरीला गेली म्हणून आधी तडातडा ठेक्यात बोलते. तीच पुढे लेक म्हणून वाढवलेल्या रापुन्झेलला "जाऊ नकोस" म्हणून विनवते ती लांब, संथ सुरात. चेटकिणीतली आई तिथं दिसते.

विंगेतला तबलजी:
मी बालनाट्यांना साथ करतो. विनोदी प्रवेशात हशा किती लांबेल ते आधी कळत नाही. पोरं हसत राहिली की पेटीवाला दोन आवर्तनं जास्त घेतो, मी ठेका धरून ठेवतो, नट डोळ्यानं खूण करतो, मग मुखडा, म्हणजे गाण्याची पहिली ओळ. ट्रॅक थांबत नाही. नट हशावर ओरडून गातो आणि बिचाऱ्या भोळ्या बेडकाचाही आवाज भांडखोर होतो.

वाशीची प्रेक्षक:
हे मान्य, अगदी मान्य. पण दोन साथीदार, त्यांचे माइक, तालमी, हे तिकिटात बसवायचं कसं? तिकीट वाढलं की चौघांचं कुटुंब येतच नाही. माझ्याकडे पैसे असते तर मी ते आधी चांगल्या नटावरच घातले असते.

विंगेतला तबलजी:
नाचाला ट्रॅक ठेवा, हरकत नाही. त्या रात्रीच्या प्रवेशाला तेवढी पेटी ठेवा. तबलाही नको. मी विंगेत गप्प बसेन.