प्रतिसाद : संघटना काढणार कशी?

वर एकांनी विचारलंय, सुट्टीसाठी एवढं रडतात तर हे निमलष्करी जवान संघटना का काढत नाहीत? अहो, काढणार कशी? घटनेचं कलम ३३ संसदेला सशस्त्र दलांचे मूलभूत हक्क छाटू देतं. पोलिसांसाठी १९६६ चा वेगळा कायदा आहे, परवानगीशिवाय युनियनचं सभासद होणं हाच गुन्हा. १९७९ साली बोकारोला सीआयएसएफच्या, म्हणजे केंद्रीय औद्योगिक सुरक्षा दलाच्या, जवानांनी आंदोलन केलं, तर थेट लष्कर आणलं. १९८३ मध्ये ते दल कायद्यानेच 'संघराज्याचं सशस्त्र दल' झालं.

गंमत पुढेच आहे. हक्क काढायचे तेव्हा सशस्त्र दल. आणि २००४ पासून भरती झालेल्यांनी जुनी पेन्शन मागितली की म्हणे नागरी कर्मचारी! २०२३ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने जवानांच्या बाजूने निकाल दिला, त्यावर सर्वोच्च न्यायालयाची स्थगिती आली.

आमचा चुलतभाऊ अशाच एका दलात आहे. चतुर्थीच्या रजेचा अर्ज दोनदा परत आला. गुहागरला आरतीच्या वेळी काकूने मोबाइल गणपतीसमोर धरला. हा तिकडे बराकीत वर्दीवरच टाळ्या वाजवतोय. आमचे गणपती पाच दिवसांचे. रजा मंजूर झाली सातव्या दिवशी.