नुसत्या बीपीला बीटा ब्लॉकर: ही सवय मोडायची का?

सातरस्ता

अॅम्लोडिपिन ५ आणि अॅटेनोलॉल ५० (यातला अॅटेनोलॉल हा बीटा ब्लॉकर) एकत्र असलेली बीपीची गोळी सोलापुरातल्या मेडिकलमध्ये अजून रोज मागितली जाते. चिठ्ठी कितीतरी वर्षांपूर्वीची, घडीवर फाटलेली, वरून सेलोटेप. माझं मत ठाम आहे: ज्याला अँजायना (हृदयाच्या नसा अरुंद झाल्याने छातीत दुखणं) नाही, अटॅक येऊन गेलेला नाही, इकोत (हृदयाच्या सोनोग्राफीत) पंपिंग चांगलं आहे आणि ठोके नियमित आहेत, त्याला नुसत्या बीपीसाठी पहिली गोळी म्हणून बीटा ब्लॉकर देऊ नये.

अॅड्रेनलिन हृदयावरच्या बीटा-१ रिसेप्टरला, म्हणजे पेशीवरच्या त्याच्या ठरलेल्या जागेला, चिकटलं की ठोके वाढतात, आकुंचनाचा जोर वाढतो. किडनीतही हेच रिसेप्टर आहेत. तिथून रेनिन नावाचं रसायन सुटतं, त्याच्या पुढच्या साखळीने रक्तवाहिन्या आवळतात आणि मीठ-पाणी अंगात साठतं. बीटा ब्लॉकर या जागा आधीच अडवून बसतो, म्हणून मशीनवरचा आकडा उतरतो. इथपर्यंत वाद नाही.

पण आकडा उतरवणं हे काही आपलं शेवटचं काम नव्हे. लकवा आणि अटॅक टाळायचा असतो. २००२ च्या लाइफ चाचणीत ९,१९३ रुग्ण होते. निम्म्यांना लोसार्टन, निम्म्यांना अॅटेनोलॉल. बीपी दोन्हीकडे जवळपास सारखंच उतरलं, तरी लोसार्टनवाल्यांत लकव्याचं प्रमाण २५ टक्क्यांनी कमी निघालं. २००५ च्या अॅस्कॉटमध्ये १९,२५७ लोक होते. तिथं अॅटेनोलॉलच्या तुलनेत अॅम्लोडिपिनच्या बाजूला लकवाही कमी आणि नव्याने लागलेली शुगरही कमी. ब्रिटनच्या नाइस या उपचार-मार्गदर्शक संस्थेने २००६ मध्ये बीटा ब्लॉकर पहिल्या फळीतून काढला. आपली चिठ्ठी मात्र तीच.

कडक_भाकरी

अॅटेनोलॉलचं पाप सगळ्या खानदानाच्या माथी मारताय. लाइफमधल्या रुग्णांचं सरासरी वय ६७, आणि प्रत्येकाच्या ईसीजीवर हृदयाची भिंत जाड झाल्याची खूण. त्या वयाचा निकाल तुम्ही ३५ वर्षांच्या माणसाला लावणार? २००६ मध्येच जुन्या चाचण्या एकत्र करून केलेलं विश्लेषण आलं होतं. साठीच्या आतल्यांत बीटा ब्लॉकर इतर गोळ्यांच्या बरोबरीने उतरला, साठीच्या पुढच्यांत लकव्याच्या बाबतीत मागे पडला. ही अर्धी गोष्ट कुणी सांगत नाही.

शिवाय अॅटेनोलॉलचा अर्धा जोर सहा-सात तासांत ओसरतो. सकाळी आठला एक गोळी घेऊन दुसऱ्या दिवशी पहाटेपर्यंत तिने राखण करावी ही अपेक्षाच चुकीची. नेबिव्होलॉल, बिसोप्रोलॉल या वेगळ्या गोळ्या आहेत. नेबिव्होलॉल नायट्रिक ऑक्साइडमार्फत रक्तवाहिन्या सैल करतो, कार्वेडिलॉल रक्तवाहिन्या आवळणारे अल्फा रिसेप्टरही अडवतो. आणि २०२३ ची युरोपियन सोसायटी ऑफ हायपरटेन्शनची मार्गदर्शिका वाचा. बीपीच्या गोळ्यांच्या पाच मुख्य गटांत बीटा ब्लॉकर आहे. बसल्या जागी ठोके ८० च्या वर असतील तर त्याचा विचार करा, असंही त्यात आहे.

भीमाकाठ

बीपी सारखं आणि लकवा मात्र कमी-जास्त, हे कोडं वाटत असेल तर ते असं सुटतं. आपण मोजतो दंडावर, मेंदूला रक्त जातं महाधमनीतून. हृदय रक्त ढकलतं तेव्हा एक लाट पुढे जाते, लांबच्या बारीक वाहिन्यांवर आपटून परत फिरते. ठोके मंदावले की प्रत्येक ठोका जास्त वेळ चालतो, आणि परतणारी लाट हृदय अजून ढकलत असतानाच येऊन त्यावर चढते. अॅस्कॉटचाच एक भाग असलेल्या केफ अभ्यासात दंडावरचं बीपी दोन्ही गटांत जवळजवळ सारखं होतं, पण महाधमनीतलं वरचं बीपी अॅटेनोलॉलच्या गटात सुमारे ४ मिमीने जास्त भरलं. वयाबरोबर वाहिन्या कडक होत जातात तशी ही लाट जास्त लवकर परतते. म्हणून म्हाताऱ्यांत फरक ठळक दिसतो. दोघंही आपापल्या जागी बरोबर आहात.

सातरस्ता

@कडक_भाकरी नेबिव्होलॉल कागदावर छान आहे, मान्य. पण त्याची मोठी चाचणी, २००५ ची सेनियर्स, हार्ट फेल्युअरच्या (हृदय कमी पडू लागलेल्या) सत्तरीपुढच्या रुग्णांवर होती. नुसत्या बीपीत त्याने लकवा कमी केल्याचा त्या तोडीचा पुरावा दाखवा.

आणि ठोके ८० च्या वर म्हणून गोळी? आधी ठोके का वाढलेत ते बघा. हिमोग्लोबिन, टीएसएच (थायरॉइडची तपासणी), ताप, तंबाखू, रात्रपाळीनंतरचे चार चहा. हिमोग्लोबिन ७ असलेल्या बाईचे ठोके १०० असतात ते शरीराला प्राणवायू पुरवण्यासाठी. तिथं ठोक्यांना लगाम घालणं म्हणजे चढावर ओझ्याच्या बैलाला मागून दोर बांधणं.

कडक_भाकरी

टीएसएच वाढलेला नाही, दबलेला निघाला, म्हणजे थायरॉइड जास्त काम करतंय, तर तिथं प्रोप्रॅनोलॉलच देतात! मायग्रेन, हाताचा कंप, गरोदरपणातल्या बीपीला लॅबेटेलॉल, हेही सगळं याच घराण्यातलं. "नुसतं बीपी" असलेला माणूस पुस्तकात भेटतो. समोर येतो तो बीपीबरोबर आणखी काहीतरी घेऊनच.

हातमाग

आणखी काहीतरी म्हणालात म्हणून फुप्फुसांचं सांगतो, सोलापुरात तर ते आधी विचारायला हवं. यंत्रमागाच्या शेडमध्ये सुताचे बारीक तंतू नाकातोंडात जातात, विडी वळणाऱ्या बायकांच्या घरात तंबाखूची धूळ असते. प्रोप्रॅनोलॉल बीटा-१ आणि बीटा-२ दोन्ही अडवतो. बीटा-२ श्वासनलिका मोकळ्या ठेवतात. दम्याच्या माणसाला प्रोप्रॅनोलॉल दिला तर नळ्या आवळतात, आणि वर सॅल्ब्युटामॉलचा पंप मारला तरी उपयोग कमी होतो, कारण पंपाची जागाच अडवलेली असते. मेटोप्रोलॉल, बिसोप्रोलॉल मुख्यतः बीटा-१ वर चालतात, पण डोस वाढवत नेला की तो भेद पुसट होतो. विडी-सिगारेटने झालेल्या सीओपीडीत (फुप्फुसांच्या जुनाट धापेच्या आजारात) बिसोप्रोलॉल जपून चालतो. खऱ्या दम्यात टाळलेलाच बरा. आठवड्यातून किती वेळा घरघर होते, रात्री खोकल्याने जाग येते का, हे दोन प्रश्न विचारायला मिनिटही लागत नाही.

सिस्टर_वॉर्ड९

या सगळ्या वादात हार्ट फेल्युअर राहूनच गेलं, आणि खरी कमाल तिथं आहे. एके काळी पंपिंग कमी असेल तर बीटा ब्लॉकर देणं म्हणजे गुन्हा समजत. १९७५ मध्ये स्वीडनच्या गोथेनबर्गमध्ये वागस्टाइन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी उलट करून पाहिलं. १९९९ मध्ये बिसोप्रोलॉल आणि मेटोप्रोलॉल सक्सिनेट या दोन्हींच्या मोठ्या चाचण्यांत मृत्यू ३४ टक्क्यांनी घटले. कारण असं की, थकलेल्या हृदयाला शरीर सारखं अॅड्रेनलिनचे चाबूक मारत असतं. चाबूक थांबला की स्नायू काही महिन्यांत सावरतो, पंपिंग २५ टक्क्यांवरून ४० वर गेलेलं दिसू शकतं.

पण द्यायची पद्धत चुकली की माणूस परत अॅडमिट. अंगावर सूज आणि छातीत पाणी असताना सुरू करायचा नाही, आधी लघवीच्या गोळीने कोरडं करायचं. कार्वेडिलॉल ३.१२५ मिग्रॅ, दिवसातून दोनदा, पोटात काहीतरी खाल्ल्यावर, नाहीतर उठताना चक्कर येते. दोन आठवडे तसंच. मग ६.२५, मग १२.५, मग २५, प्रत्येक पायरीला दोन-दोन आठवडे. पहिल्या आठवड्यात थकवा वाढतो. "गोळीने त्रास होतोय" म्हणून बहुतेक जण इथंच सोडतात. सांगून ठेवलं तर थांबतात. रोज सकाळी लघवीनंतर, चहाच्या आधी वजन. तीन दिवसांत दोन किलो वाढलं तर लगेच फोन. आणि शेंगाची चटणी, पापड, लोणचं आवरा. दिवसभराचं मीठ चहाच्या एका सपाट चमच्याच्या आत बसवायचंय, आपल्याकडे तेवढं दोन जेवणांतच संपतं.

सातरस्ता

सिस्टर, हार्ट फेल्युअरला माझा शंभर टक्के होकार. धागा नुसत्या बीपीचा आहे. पण अटॅकनंतर जन्मभर बीटा ब्लॉकर, हेही आता तपासायला हवं. त्यामागच्या जुन्या चाचण्या, १९८१-८२ ची बीएचएटी, १९८६ ची आयसिस-१, हे सगळं स्टेंटच्या आधीचं जग. २०२४ च्या रिड्यूस-एएमआयमध्ये पंपिंग ५० किंवा वर असलेले ५,०२० रुग्ण, बीटा ब्लॉकरने मृत्यू किंवा दुसरा अटॅक यांत फरक पडला नाही. २०२५ च्या रिबूटमध्ये पंपिंग ४० च्या वर असलेले ८,५०५ रुग्ण, तिथंही फरक नाही.

सिस्टर_वॉर्ड९

त्याच वर्षी, त्याच सुमारास नॉर्वे-डेन्मार्कची बीटामी-डॅनब्लॉक आली, त्यात थोडा फायदा दिसला की हो. ४० ते ४९ पंपिंगवाल्यांत सगळ्या चाचण्या एकत्र केल्यावर फायदाच निघतो. आणि २०२४ च्या अॅबिसमध्ये गोळी थांबवलेल्यांत त्रास जास्त, मुख्यतः परत अॅडमिट होण्याचा, शिवाय बीपी आणि ठोके वाढले. इको न बघता बोलायचंच नाही.

मेडिकलवाला

एकाने जरी हा धागा वाचून गोळी घरी आपापली बंद केली तर तुमचे सगळे अभ्यास वाया. बीटा ब्लॉकर महिनोन्महिने चालू असला की शरीर रिसेप्टर वाढवून ठेवतं. गोळी एकदम थांबली की त्या वाढलेल्या सगळ्या जागा अॅड्रेनलिनला मोकळ्या मिळतात. ठोके धडधडतात, बीपी उसळतं, ज्याच्या नसा आधीच अरुंद त्याला छातीत दुखतं, अटॅकही येतो. म्हणून शनिवारी पट्टी संपली आणि सोमवारी आणू, असं या गोळीत करू नका. चार-पाच दिवसांच्या गोळ्या शिल्लक असतानाच पुढची आणा.

काउंटरवर होणारी नेहमीची गडबड म्हणजे मेटोप्रोलॉल. टार्ट्रेट आणि सक्सिनेट ही दोन क्षारं वेगळी आहेत. पट्टी उलटी करून बारीक अक्षर वाचा. सक्सिनेटवर 'एक्सएल' किंवा 'ईआर' असतं, ती हळूहळू सुटते, दिवसातून एकदा. टार्ट्रेट दोनदा. दोन्ही ५० मिग्रॅ म्हणून एक संपली तर दुसरी चालेल, असं नाही. सक्सिनेटच्या गोळीवर मधली रेघ असेल तर रेघेवर अर्धी करता येते, पण कुटून, चावून किंवा मधात चाटवून नाही. दिवसभराचा डोस तासाभरात सुटतो.

दुसरं, बीटा ब्लॉकरच्या जोडीला डिल्टियाझेम किंवा व्हेरापॅमिल. हार्टच्या डॉक्टरांची चिठ्ठी वेगळी, बीपीची वेगळी, आणि दोन्हींतल्या गोळ्या हृदयाची वायरिंग मंद करणाऱ्या. एकत्र गेल्या तर ठोके ३५ वर येऊ शकतात. आणि काचबिंदूचे टिमोलॉलचे थेंब! तेही बीटा ब्लॉकरच, डोळ्याच्या कोपऱ्यातून नाकात आणि नाकातून रक्तात जातात. थेंब टाकून नाकाजवळचा कोपरा एक-दोन मिनिटं बोटाने दाबून धरायचा. डोळ्याचे थेंब कुणी औषधांच्या यादीत सांगतच नाही.

हातमाग

नाडीचं कुणी लिहिलं नाही. पाच मिनिटं शांत बसून, अंगठ्याच्या मुळाशी मनगटावर दोन बोटं (अंगठा नाही, त्याची स्वतःची नाडी लागते), पूर्ण ६० सेकंद. १५ सेकंद मोजून चारने गुणू नका, अनियमित ठोके निसटतात. ५० च्या खाली असेल, किंवा चक्कर-अंधारी असेल, तर पुढची गोळी घेण्याआधी डॉक्टरांना विचारा.

शुगरवाल्यांसाठी: इन्सुलिन किंवा ग्लिमेपिराइड चालू असताना आषाढीचा उपवास असो की रोजा, शुगर खाली गेली की एरवी छाती धडधडते, हात थरथरतो. बीटा ब्लॉकर या दोन्ही खुणा झाकतो. घाम मात्र तसाच सुटतो. कारण नसताना घाम आला की ग्लुकोमीटर काढा.

आणि मे महिन्यात ४३ डिग्रीत ठोके वाढवून शरीर उष्णता बाहेर टाकू पाहतं, गोळी ते करू देत नाही. सोबत लघवीची गोळी असेल तर उभं राहताना बीपी घसरतं. उन्हाळ्यात उभ्याने एक रीडिंग घ्या.

कडक_भाकरी

बरं, आता व्यवहाराचं बोला. साठीचा माणूस, बारा वर्षं अॅटेनोलॉल ५० आणि अॅम्लोडिपिन ५, बीपी १२८/७८, तक्रार शून्य. त्याचं काय करणार? चाललेली गाडी गॅरेजला न्यायची?

सातरस्ता

हो, पण चालत न्यायची. आधी ईसीजी आणि इको, कारण बारा वर्षांत काय झालंय ते कुणालाच माहीत नाही. क्रिएटिनिनही (किडनीची तपासणी), अॅटेनोलॉल किडनीवाटेच बाहेर पडतो, किडनी कमजोर असेल तर तो अंगात साचतो. सगळं ठीक निघालं तर जोडगोळी सोडवून दोन वेगळ्या गोळ्या करायच्या. अॅम्लोडिपिन तशीच, टेल्मिसार्टन ४० (लोसार्टनच्याच घराण्यातली) जोडायची, अॅटेनोलॉल २५ वर आणायचा. एक-दोन आठवड्यांनी क्रिएटिनिन आणि पोटॅशियम. ठीक असेल तर २५ एक दिवसाआड नाही, अर्धी करून रोज, आणखी आठवडाभर, मग बंद. पुढचे दोन आठवडे सकाळ-संध्याकाळ बीपी आणि नाडी वहीत. हे सगळं डॉक्टरांच्या देखरेखीत. छातीत जड वाटलं तर थेट इमर्जन्सी.

कडक_भाकरी

दोन रक्ततपासण्या, एक इको, तीन फेऱ्या. मोदी खान्यातून किंवा नीलम नगरातून येणाऱ्या माणसाचे तीन दिवसांचे हजेरीचे पैसे गेले. नव्या रुग्णाला अॅम्लोडिपिनने सुरुवात करा, मी सही करतो. पण या माणसाची गोळी मी पन्नाशीतच बदलली असती, आता नाही.

भीमाकाठ

साठीत लाट वर चढते ते वर लिहिलंय. बदलायचं तर उलट आत्ताच.